मोगली बोलतो दमास्कसमधून

कॅप्टन माजिद आणि मोगली. अरब जगातल्या लाखो मुलांचे दोन लाडके हिरो. दोघांचा आवाज एकाच बाईचा. सीरियन अभिनेत्री अमल हुवैजा यांचा आवाज सगळ्यांच्या ओळखीचा, पण चेहरा फार कमी जणांना माहीत. पडद्यामागच्या या करिअरची ही गोष्ट.

शेवटचा पेपर संपला त्या संध्याकाळी आम्ही सगळे कॉलेजजवळच्या टपरीवर बसलो होतो. विषय नेहमीचाच, कुणाचं बालपण जास्त भारी? आम्ही 'डोरेमॉन' आणि 'निंजा हातोडी'वाली पिढी. पण ग्रुपमधल्या एकाला त्याच्या मोठ्या दादाने दूरदर्शनच्या 'जंगल बुक'चं वेड लावलेलं. त्याने मोबाइल पुढे केला आणि एपिसोड लावला. आमच्यासोबत आमचा एक सीरियन सिनिअर चहा पीत होता. स्क्रीनवर मोगली दिसला आणि तो ओरडलाच, "अरे, हा तर आमचा माऊकली!"

आम्हाला ऐकू आलं 'माऊली'. मग काय, दोन मिनिटं टपरीवर नुसता हशा. बिचाऱ्याला कळेना आपण काय चुकीचं बोललो. अरबी लिपीत 'ग'साठी ठरलेलं अक्षर नाही, म्हणून मोगली तिकडे 'क' लावून लिहितात आणि त्याचा माऊकली होतो, हे त्याने नंतर समजावलं. त्यानंतर तो जे म्हणाला ते मात्र माझ्या डोक्यात राहिलं. म्हणाला, "मी हायस्कूलला जाईपर्यंत मला वाटायचं माऊकलीचा आवाज एका मुलाचा आहे. तो एका बाईचा आहे हे कळलं तेव्हा आधी मी विश्वासच ठेवला नाही."

त्या बाईचं नाव अमल हुवैजा.

मुंबई, टोकियो, दमास्कस

मोगलीचा प्रवास एकदा नकाशावर मांडून बघा. त्याला जन्म देणारे रुडयार्ड किपलिंग १८६५ मध्ये आपल्या मुंबईत जन्मले. त्यांचे वडील जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकवायचे. 'द जंगल बुक' आलं १८९४ मध्ये. गोष्ट घडते ती सिवनीच्या जंगलात, म्हणजे आजच्या पेंचच्या परिसरात. या पेंचचा एक भाग मध्य प्रदेशात आणि एक आपल्या नागपूर जिल्ह्यात. म्हणजे मोगली तसा आपल्या शेजारचाच.

मग हा शेजारी गेला जपानला. निप्पॉन अ‍ॅनिमेशन या कंपनीने १९८९ मध्ये त्याच्यावर ५२ भागांची मालिका काढली. तीच हिंदीत डब होऊन १९९३ मध्ये दूरदर्शनवर आली. शीर्षकगीत गुलजारांचं, संगीत विशाल भारद्वाजचं आणि शेरखानचा आवाज थेट नाना पाटेकरांचा. रविवारी सकाळी घरातली सगळी कामं टाकून लोक टीव्हीसमोर बसायचे, हे माझा मामा आजही छाती फुगवून सांगतो. नानांचा तो शेरखान ऐकून मामाला म्हणे रात्री झोप लागायची नाही.

हीच मालिका अरबीत डब झाली सीरियाची राजधानी दमास्कसमध्ये. 'मरकझ अझ्-झुहरा' नावाच्या स्टुडिओत. झुहरा म्हणजे शुक्राचा ग्रह, त्यामुळे इंग्रजीत हे झालं 'व्हीनस सेंटर'. जपानमध्ये रंगवलेला, सिवनीत वाढलेला मोगली तिथे माइकसमोर उभ्या राहिलेल्या एका सीरियन अभिनेत्रीच्या गळ्यातून अरबी बोलायला लागला.

पोरगा पडद्यावर, बाई माइकवर

आता प्रश्न असा की मुलाचा आवाज काढायला बाई कशाला? मुलगाच घ्यावा ना!

कारण अगदी व्यवहाराचं आहे. मालिका चालते वर्षानुवर्षं आणि तेरा-चौदाव्या वर्षी मुलांचा आवाज फुटतो. पडद्यावरचा हिरो दहा वर्षांचाच राहतो आणि स्टुडिओतल्या पोराला मिसरूड फुटतं. लहान मुलाला तासन्‌तास बंद खोलीत उभं करून एकच वाक्य वीस वेळा म्हणून घेणंही बरोबर नाही. अनुभवी अभिनेत्री मात्र तोच आवाज, तोच बाज वर्षांनंतरही जसाच्या तसा काढू शकते.

म्हणून जगभर हेच चालतं. 'ड्रॅगन बॉल'मधला गोकू हा मासाको नोझावा यांचा, १९८६ पासून. नारुटो हा जुन्को ताकेउची यांचा. अमेरिकेतला खोडकर बार्ट सिम्प्सन नॅन्सी कार्टराइट यांचा. आणि आपल्याकडे? आपला हिंदी बोलणारा निंजा हातोडी म्हणजे आपल्या मेघना एरंडे. हे वाचून तुमच्यातल्या निम्म्यांना आत्ता धक्का बसला असणार. मलाही बसला होता, फक्त जरा आधी.

अमल हुवैजा मूळच्या रंगभूमीच्या. दमास्कसमध्ये नाटकाची परंपरा तगडी आहे. १९७७ मध्ये तिथे नाट्यशिक्षणाची स्वतंत्र उच्च संस्था सुरू झाली आणि त्यातून अभिनेत्यांच्या पिढ्या तयार झाल्या. सीरियन टीव्ही मालिका अरब जगभर बघितल्या जातात त्यामागे हे शिक्षण आहे. डबिंगच्या स्टुडिओंनाही याच रंगभूमीवरून माणसं मिळाली. म्हणजे तिथे कार्टूनला आवाज द्यायला 'गोड आवाजाची कोणीतरी' आली नाही, नाटक करणारी माणसं आली.

मला अरबी एक अक्षर कळत नाही. तरी सिनिअरने लावून दिलेले दोन-तीन एपिसोड मी डोळे मिटून ऐकले. लाडे लाडे बोलणं कुठेच नाही. आपल्याकडे लहान मुलाचा आवाज काढायचा म्हटलं की बरेच जण नाकात बोलायला लागतात, तसलं काही नाही. लांडग्यांत वाढलेल्या पोराचा रांगडेपणा आवाजात आहे, आणि अकेलाशी बोलताना तोच आवाज मऊ होतो. शब्द कळत नव्हते, पण मोगली कधी घाबरलाय, कधी रुसलाय आणि कधी घाबरलोय हे लपवतोय, ते सगळं कळत होतं.

मैदान संपत नाही तो कॅप्टन

मोगलीइतकाच, किंबहुना जास्तच गाजलेला अमल यांचा दुसरा पोरगा म्हणजे कॅप्टन माजिद.

योइची ताकाहाशी यांनी १९८१ मध्ये 'कॅप्टन त्सुबासा' ही फुटबॉलवेड्या मुलाची माँगा सुरू केली. १९८३ मध्ये तिची टीव्ही मालिका आली. अरबीत येताना त्सुबासाचा झाला माजिद, गोलकीपर वाकाबायाशीचा वलीद आणि तापट स्ट्रायकर ह्युगाचा बस्साम. पहिला भाग डब झाला जॉर्डनमध्ये आणि तिथे माजिदचा आवाज होता सुहैर फहद यांचा. पुढे हे काम दमास्कसला आलं आणि माजिद अमल यांच्याकडे आला.

विचार करा, किती अवघड जागा! पोरांच्या कानात आधीचा आवाज बसलेला. आपल्याकडे एखाद्या मालिकेत अचानक 'आता या भूमिकेत अमुक' अशी पाटी आली की आपण किती चिडतो! पण अमल यांच्या माजिदला पोरांनी आपलं मानलं. आमच्या सिनिअरच्या पिढीसाठी माजिद म्हणजे अमलच.

ज्यांनी ही मालिका पाहिलीय त्यांना तिचा जोकही माहीत असेल. पोरं धावतायत, धावतायत, पण मैदान काही संपत नाही. एक किक मारायला अख्खा एपिसोड जातो. अरब देशांत यावर अजून मीम बनतात. पण माइकसमोरून बघितलं तर हा जोक राहत नाही. हिरो पंधरा मिनिटं धावतोय याचा अर्थ आवाज देणाऱ्या बाईने पंधरा मिनिटं धाप लागल्याचा आवाज काढायचा. पाय न हलवता, कारण पाय हलला की तो आवाजही माइकमध्ये जातो. दम लागलाय पण हरलेलो नाही, हे नुसत्या श्वासातून दाखवायचं.

घरात कुणी न बोलणारी भाषा

आता यातली सगळ्यात इंटरेस्टिंग गोष्ट. अरबी ही एकच भाषा आहे असं आपल्याला वाटतं. पण मोरोक्कोचा माणूस घरी जे बोलतो ते इराकच्या माणसाला सहज कळत नाही. प्रत्येक देशाची बोली वेगळी. पुस्तकं, बातम्या, भाषणं मात्र एका प्रमाण भाषेत, तिला म्हणतात 'फुसहा'. आपल्याकडे मालवणी किंवा वऱ्हाडी पोरगं घरी एक बोलतं आणि शाळेच्या पुस्तकात दुसरं वाचतं, तसंच. फक्त तिकडचं अंतर बरंच जास्त, आणि फुसहा ही कुणाच्याच घरची भाषा नाही. आई मुलाला त्या भाषेत रागवत नाही.

मग कार्टून कुठल्या बोलीत करायचं? १९७९ मध्ये लेबनॉनमध्ये 'ग्रेंडायझर' ही जपानी रोबोंची मालिका फुसहात डब झाली आणि तुफान चालली. तीच वाट पुढे बहुतेकांनी धरली. एकदा फुसहात केलं की माल वीसेक देशांत चालतो, हा धंद्याचा हिशोब झाला. आणि मुलांची भाषा सुधारते, हे आईवडिलांचं समाधान.

या कामात दमास्कस पुढे असणं स्वाभाविक होतं. अरबी भाषेची अकादमी तिथे १९१९ मध्येच स्थापन झालेली. सीरियात डॉक्टरकीसुद्धा अरबीत शिकवतात. तिथल्या नटांना फुसहाचा सराव रंगभूमीवरच झालेला असतो.

२००० मध्ये 'स्पेसटून' हे मुलांचं चॅनल सुरू झालं आणि व्हीनस सेंटरचं काम घराघरांत पोहोचलं. या चॅनलची आयडिया भन्नाट होती. कार्यक्रमांचे प्रकार नव्हते, ग्रह होते. अ‍ॅक्शनचा ग्रह, खेळांचा ग्रह, साहसाचा ग्रह. आमचा सिनिअर सांगतो, शाळेतून आल्यावर 'आज कुठल्या ग्रहावर' हाच प्रश्न असायचा. गल्लीत फुटबॉल खेळताना पोरं माजिद बनायची, आणि माजिद बनलं की आपोआप फुसहात बोलायची! म्हणजे पाय चिखलात आणि तोंडात एकदम छापील भाषा. 'ए, पास दे ना'ऐवजी 'हे मित्रा, चेंडू माझ्याकडे धाड' असं काहीसं. ऐकायला मजेशीर वाटतं. पण ज्या भाषेची शाळेत भीती वाटायची ती पोरांच्या खेळात आली, ते या आवाजांमुळे. व्याकरणाच्या पुस्तकाला जे जमलं नाही ते माजिदने केलं.

माझे एकोणीस टेक

हे सगळं वाचून मला वाटलं, आवाज तर आपलाही बरा आहे. कॉलेजच्या गॅदरिंगला निवेदन मीच करते. ओळखीने एका स्टुडिओत टेस्ट द्यायची संधी मिळाली. दोन वाक्यं होती फक्त. एका खारुताईची.

हेडफोनमध्ये मूळ भाषेतला आवाज, समोर स्क्रीनवर पात्र, हातात कागद. मूळ वाक्य सुरू झालं की सुरू करायचं, संपलं की संपवायचं. पात्राचं तोंड मिटलं आणि तुमचा शब्द उरला, की गेला टेक. तोंड उघडं आणि तुमचं वाक्य संपलं, तरी गेला टेक. वेळ साधायला गेले तर अभिनय उडाला. अभिनय आणला तर कागद वाजला. माझे एकोणीस टेक झाले. त्यातला एकही वापरण्यासारखा नव्हता. रेकॉर्डिस्ट दादा शांतपणे म्हणाले, "ताई, तुम्ही वाचताय. बोलत नाही आहात."

ते वाक्य लागलं मला. पण तेव्हाच अमल यांच्या कामाची उंची कळली. माझी भाषा माझ्या घरची होती, तरी मला जमेना. त्यांना अशा भाषेत 'बोलायचं' होतं जी घरात कुणी बोलतच नाही. फुसहात शब्दाच्या शेवटचा स्वर वाक्यातल्या त्याच्या कामाप्रमाणे बदलतो. तो चुकला की चूक लगेच कानाला कळते. म्हणजे व्याकरण अचूक हवं, ओठांशी मेळ हवा आणि वर हे सगळं दहा वर्षांच्या पोराने सहज बोलल्यासारखं वाटायला हवं. फुसहात रडणारं, चिडणारं, खोटं बोलणारं पोरगं खरं वाटायला लावणं हा अभिनय आहे. त्याला 'नुसतं डबिंग' म्हणू नये.

आणि आपण तेच म्हणतो. मासकॉमच्या वर्गातही 'डबिंग करते' हे वाक्य 'अजून काही मिळालं नाही वाटतं' अशा सुरात ऐकू येतं.

नाव कुणाचं?

पडद्यावरच्या नटाला रस्त्यात लोक थांबवतात, सेल्फी घेतात. आवाजाच्या कलाकाराचं तसं नाही. भाजी घेताना तुमच्या शेजारी तुमचा बालपणीचा हिरो उभा असू शकतो आणि तुम्हाला पत्ता नसतो. कार्टून संपल्यावर नावं सरकतात, पण नावं वाचायला कुठलं पोर थांबतं? तोवर ते दूध प्यायला उठलेलं असतं.

अमल यांच्या पिढीतल्या अनेकांचं असंच झालं. ही पोरं मोठी झाली, इंटरनेट हातात आलं आणि मग ती शोधायला लागली की आपल्याशी इतकी वर्षं बोलत कोण होतं! नावं तेव्हा कळली. शीर्षकगीतं गाणाऱ्या रशा रिझ्क यांचंही तसंच. स्पेसटूनच्या कित्येक गाण्यांतला तो आवाज पोरांना तोंडपाठ होता. त्याच रशा यांनी २००७ च्या 'कॅरमेल' या गाजलेल्या लेबनीज सिनेमातही गायलंय, हे त्यातल्या किती जणांना ठाऊक होतं? आणि या गाण्यांचे संगीतकार तारिक अल-अरबी तुर्गान यांचं नाव आज तिकडचे तिशीतले लोक आपण ए. आर. रहमानचं घेतो तशा आदराने घेतात.

सीरियन आवाजांची ताकद मोठ्यांच्या मालिकांतही दिसली. २००८ मध्ये 'नूर' ही तुर्की मालिका सीरियन बोलीत डब झाली. मूळ तुर्कस्तानात ती बेताचीच चाललेली. अरब जगात तिने धुमाकूळ घातला. फरक होता तो आवाजाचा आणि बोलीचा.

आज हा प्रश्न अजून टोकदार झालाय. संगणक आता कुणाच्याही आवाजाची नक्कल करू शकतो. अमेरिकेत व्हिडिओ गेम्सना आवाज देणाऱ्या कलाकारांनी २०२४ मध्ये याच मुद्द्यावर संप पुकारला. आपला आवाज आपल्याला न विचारता वापरू नका, एवढंच त्यांचं म्हणणं. जिथे नावच कुणाला माहीत नसतं तिथे आवाज चोरणं किती सोपं, याचा विचार करा. म्हणूनच नाव माहीत असणं ही नुसती कौतुकाची गोष्ट राहत नाही.

चेंडू अजून हवेत आहे

२०११ मध्ये सीरियात संघर्ष पेटला. लाखो लोकांनी देश सोडला. कलाकारही पांगले, रशा रिझ्क फ्रान्सला गेल्या. ज्या दमास्कसने अरब मुलांना इतके आवाज दिले, तिथलीच मुलं तंबूत आणि परक्या देशांत वाढायला लागली.

यातली एक गोष्ट मला फार आवडते. ओबादा कासूमा हा दमास्कसचा तरुण युद्ध सुरू झाल्यावर जपानमध्ये शिकायला गेला. लहानपणी कॅप्टन माजिद बघून वेडा झालेला हा पोरगा जपानी शिकला आणि त्याने मूळ 'कॅप्टन त्सुबासा' माँगाचा अरबी अनुवाद केला. ती पुस्तकं युरोपातल्या सीरियन निर्वासित मुलांना भेट म्हणून वाटली गेली. जपानमधून निघालेला चेंडू दमास्कसला आला, आणि तिथल्या पोराने तो पुन्हा जपानमधून आपल्याच माणसांकडे पास केला. ही किक किती एपिसोड चालली बघा!

हे मी आमच्या सिनिअरला सांगितलं. तो थोडा वेळ गप्प बसला. मग त्याने भाच्याचं सांगितलं. बहीण आता जर्मनीत असते. भाचा सहा वर्षांचा, तिथेच जन्मलेला. शाळेत जर्मन, मित्रांत जर्मन. आईने अरबीत विचारलं तरी उत्तर जर्मनमध्ये. आजीशी फोनवर बोलायचं तर 'कशी आहेस'च्या पुढे गाडी जात नाही. आजी फोन ठेवते आणि डोळे पुसते.

म्हणून या मामाने पुण्यात बसून एक उद्योग सुरू केलाय. रोज रात्री तो भाच्याला माजिदच्या एका एपिसोडची लिंक पाठवतो. दुसऱ्या दिवशी फोनवर काय झालं ते विचारतो. अट एकच, अरबीत सांगायचं.

परवा त्याने मला फोन स्पीकरवर ठेवून ऐकवलं. पलीकडून एक बारीक आवाज काहीतरी ठणकावून बोलला. सिनिअर पोट धरून हसायला लागला. मी विचारलं, काय म्हणाला? तर भाच्याने आजीला जेवणाच्या टेबलावर छापील फुसहात सांगितलं होतं, 'हे आजी, मी अद्याप पराभूत झालेलो नाही, मला आणखी भात दे!'

आजी म्हणे खूप हसली. आणि तिने भात वाढला.

तुमच्या लहानपणी तुमच्याशी असं कोण बोलत होतं? आज रात्री तुमचं आवडतं कार्टून लावा. संपल्यावर उठू नका. नावं सरकतील, ती एकदा वाचा.